खेळीमेळीच्या वातावरणात

गेल्या वर्षी सप्टेंबरातल्या शेवटच्या रविवारी, आमच्या सोसायटीच्या वार्षिक सर्वसाधारण सभेत, सातव्या मजल्यावरच्या काकांनी खुर्ची उचलली. मंडपवाल्याकडून भाड्यानं आणलेली प्लास्टिकची लाल खुर्ची, एका हातानं सहज उचलता येईल अशी. काकांनी ती दोन्ही हातांनी धरली आणि डोक्याच्या वर नेली. पार्किंगमध्ये लावलेला उभा पंखा घरघरत होता, बटाटेवड्यांच्या खोक्यांवर तेलाचे डाग उमटायला लागले होते आणि चाळीसेक माणसं एकदम चिडीचूप झाली होती. काकांची बाही खांद्याकडे घसरली होती आणि दंडाची सैल पडलेली कातडी थरथरत होती. वय ७४. सगळं मिळून तीन-चार सेकंद. मग त्यांनी खुर्ची होती तिथेच टेकवली, तिच्यावर बसले आणि रुमाल काढून कितीतरी वेळ चष्मा पुसत राहिले. अध्यक्ष म्हणाले, "विषय क्रमांक ५."

मी सोसायटीची सचिव आहे. म्हणजे दुसरं कोणी व्हायला तयार नाही म्हणून आहे. इतिवृत्त लिहिण्याचं काम माझं. त्या रात्री भांडी आवरून झाल्यावर वही घेऊन बसले, ठराव लिहिले, सूचक-अनुमोदक लिहिले, आणि शेवटी लिहून टाकलं, 'अध्यक्षांचे आभार मानून सभा खेळीमेळीच्या वातावरणात पार पडली.' सहा वर्षं हेच वाक्य लिहितेय, हात आपोआप चालतो. पेनाला टोपण लावलं, दिवा मालवला, आणि मग ते वाक्य दाताच्या फटीत अडकलेल्या सुपारीच्या खांडासारखं सलायला लागलं.

खरं तर काकांचं म्हणणं शंभर टक्के बरोबर होतं. गच्ची गळते आणि गळते ती त्यांच्याच बेडरूममध्ये. तीन पावसाळे त्यांनी पलंग सरकवत काढले. छताचे पोपडे पडून उशीवर भुकटी, कपाटाच्या मागे बुरशी, रात्रभर बादलीत टप टप. मी स्वतः पाहून आलेय, त्या खोलीत शिरलं की ओल्या गोणपाटासारखा वास येतो. दरवर्षी विषय पत्रिकेवर यायचा आणि दरवर्षी त्याला काहीतरी व्हायचं. एकदा गणपूर्ती नव्हती, एकदा कोटेशनं तीन हवीत ती दोनच होती, एकदा 'सविस्तर अहवाल मागवावा' असं ठरलं. यातली एकही गोष्ट नियमाबाहेरची नव्हती. आणि नियम वाचून दाखवणारी मीच होते.

झोप येईना म्हणून उशाशी पडलेला प्लूटार्क, म्हणजे ग्रीक-रोमन थोरांची चरित्रं लिहिणारा तो जुना ग्रीक, उघडला. दोन वर्षांपूर्वी बहिणीबरोबर सहलीच्या गटातून रोमला जाऊन आले तेव्हापासूनचं हे खूळ. तिथे असताना काही कळलं नव्हतं. गटप्रमुखाच्या झेंड्यामागून पळताना पायाखालचे काळे दगड तेवढे आठवतात, इतके तापलेले की चपलेतून चटका लागावा. घरी आल्यावर वाचायला घेतलं आणि मग आपण कशावरून चालत गेलो ते हळूहळू समजायला लागलं. त्या रात्री जे पान उघडलं तिथे बाकं होती.

इ.स.पू. १३३. टायबेरियस ग्रॅकस हा ट्रिब्यून, म्हणजे लोकांच्या बाजूनं उभं राहायला निवडलेला, आणि म्हणूनच ज्याच्या अंगाला हात लावणं हा देवाधर्माचा अपराध, असा माणूस. सार्वजनिक जमिनीवर एकानं ५०० युगेरांपेक्षा, म्हणजे साधारण ३१० एकरांपेक्षा जास्त कब्जा ठेवायचा नाही, वरची जमीन भूमिहीनांना वाटायची, असा त्याचा कायदा. मर्यादा नवी नव्हती, जुनाच नियम होता आणि तो धाब्यावर बसवणं हीही जुनीच रीत. (लिव्ही हा रोमन इतिहासकार सांगतो की तो जुना नियम करणारा लिसिनियस स्टोलो स्वतःच त्यात सापडला. मुलाच्या नावावर करून हजार युगेरा ठेवली होती म्हणून त्याला दंड झाला. आमच्या गावाकडे सीलिंगच्या वेळी काय काय झालं ते ऐकलेल्या कोणाही माणसाला हे वाचून घरच्यासारखं वाटेल.) निवडणुकीच्या दिवशी कॅपिटोल टेकडीवर गर्दी जमली होती. टायबेरियस पुन्हा उभा होता, ते रिवाजाला धरून नव्हतं. सिनेटर मारायला निघालेत अशी बातमी आली, तेव्हा त्याच्या माणसांनी शिपायांच्या हातातल्या, गर्दी मागे सारायच्या काठ्या मोडून तुकडे वाटून घेतले. लांबच्यांना काय चाललंय ते ऐकू येईना, म्हणून टायबेरियसनं डोक्याला हात लावून दाखवला, जिवावर बेतलंय एवढंच सांगायला. विरोधकांनी धावत जाऊन सिनेटला सांगितलं, तो मुकुट मागतोय.

सिनेटमध्ये कॉन्सल, म्हणजे वर्षासाठी निवडलेला मुख्य सत्ताधिकारी, म्हणाला, मी बळ वापरणार नाही आणि खटल्याशिवाय कोणा नागरिकाला मारणार नाही. त्यावर सिपिओ नासिका उठला आणि ज्यांना कायदा वाचवायचाय त्यांनी माझ्यामागून या म्हणाला. नासिका हे नाव वाचून मराठी माणूस थबकतोच, आणि लॅटिनमध्येही त्याचा संबंध नाकाशीच आहे. हा मनुष्य मुख्य धर्माधिकारी होता. आणि टायबेरियसचा मावसभाऊ होता. त्यानं टोग्याचा, म्हणजे अंगाभोवती गुंडाळलेल्या वस्त्राचा, काठ डोक्यावरून घेतला आणि निघाला. मागोमाग सिनेटर, डाव्या हाताला वस्त्र गुंडाळून. नोकरांनी घरून सोटे आणले होते. पण सिनेटर मंडळींना, त्या वयस्कर, इभ्रतदार, जमीनदार माणसांना हत्यार मिळालं ते तिथेच. लोक पळताना बाकं मोडली होती. त्यांनी बाकांचे पाय उचलले. टायबेरियस पळायला लागला, कोणीतरी त्याचा टोगा धरला, तो त्यानं सोडून दिला आणि नुसत्या आतल्या अंगरख्यावर धावला, पुढे पडलेल्या माणसांना अडखळून कोसळला, उठायला लागला. पहिला घाव डोक्यावर बसला. तो घालणारा त्याच्याबरोबरचाच दुसरा ट्रिब्यून होता, आणि त्याच्या हातात बाकाचा पाय होता.

तीनशेच्यावर माणसं मेली. एकही लोखंडानं नाही.

हे मी आधीही वाचलं होतं. पण त्या रात्री 'बाकाचा पाय' या शब्दांपाशी थांबले आणि माझ्या डोळ्यांसमोर लाल प्लास्टिक आलं. तलवार घेऊन येणारा माणूस घरून ठरवून आलेला असतो. बाकाचा पाय उचलणारा सकाळी चांगला बसायला आला होता. ज्यावर बसून ऐकायचं, तेच त्याच्या हातात आलं. राजे हाकलल्यापासून पुढची साडेतीनशे-पावणेचारशे वर्षं रोमच्या लोकांनी भांडणं काही कमी केली नव्हती, पण नागरिकांचं रक्त सांडून संपलेला हा पहिलाच तंटा, असं प्लूटार्क म्हणतो. त्या साडेतीनशे वर्षांत बाकं होतीच की. कोणाला त्यांचे पाय दिसले नव्हते.

आणि तरी मला टायबेरियसची बाजू सरळ घेता येत नाही, ही माझी अडचण. त्याच्या कायद्याला ऑक्टेव्हियस नावाच्या दुसऱ्या ट्रिब्यूननं नकार दिला होता, आणि एका ट्रिब्यूनचा नकार म्हणजे सगळं ठप्प. ऑक्टेव्हियस त्याचा मित्र. त्याची स्वतःचीही बरीच जमीन जाणार होती. टायबेरियस म्हणाला, तुझं नुकसान मी माझ्या खिशातून भरून देतो. तो ऐकेना. मग टायबेरियसनं जे कधी झालं नव्हतं ते केलं, ऑक्टेव्हियसलाच पदावरून काढायचा ठराव लोकांपुढे मताला टाकला. रोममध्ये लोक गणागणानं मत देत, एका गणाचं एक मत. एकूण ३५ गणांपैकी १७ गणांनी काढा म्हणून मत दिलं. अठराव्याला निकाल लागणार. तिथे टायबेरियसनं मतदान थांबवलं, सगळ्यांसमोर मित्राला मिठी मारली, आर्जवं केली, असं करू नकोस, मलाही करायला लावू नकोस. ऑक्टेव्हियसचे डोळे भरून आले, तो बराच वेळ गप्प राहिला. मग त्याची नजर घोळक्यानं उभ्या असलेल्या जमीनदारांकडे गेली आणि तो म्हणाला, तुला काय करायचं ते कर. या ठिकाणी मी दर वेळी पुस्तक मिटते. कुठल्या बाजूला उभी राहिले असते मी? जमिनीचं म्हणाल तर टायबेरियसच्या. पण सतरा आणि अठराच्या मधल्या त्या जागेत उभी असते, तर नियमांची वही उघडून 'अशी तरतूद नाही' असं वाचून दाखवणारी बाई मीच असते, हे मला पुरतं ठाऊक आहे.

टायबेरियसला मारलं, प्रेत रात्री नदीत टाकलं, धाकटा भाऊ मागत होता त्याला दिलं नाही. कायदा मात्र रद्द केला नाही. जमीन वाटणारी समिती काम करत राहिली.

आमच्याकडेही खुर्चीनंतर महिन्याभरात गच्चीचं वॉटरप्रूफिंग झालं. तीन वर्षं न मिळालेलं तिसरं कोटेशन आठ दिवसांत आलं. सगळ्यांना बरं वाटलं, मलाही. दिवाळीनंतर पार्किंगच्या आखणीवरून कमिटीची बैठक रंगली, तेव्हा दुसऱ्या मजल्यावरचा मुलगा हसत हसत म्हणाला, "मग आता मीपण खुर्ची उचलू का?" सगळे हसले. मी हसताना पाहिलं, दोघा-तिघांचे हात खुर्चीच्या दांड्यावर होते. उगाच, गमतीत.

बारा वर्षांनी, १२१ मध्ये, त्या धाकट्या भावाची पाळी आली. गायस ग्रॅकस. सिनेटनं या वेळी बाकांचे पाय उचलले नाहीत, ठराव केला. त्या ठरावाचे शब्द मी सचिव म्हणून वाचते आणि मला त्यांच्या कारागिरीचं कौतुकही वाटतं आणि अंगावर काटाही येतो. 'प्रजासत्ताकाला काही इजा पोहोचू नये याची कॉन्सलनी दक्षता घ्यावी.' बस्स. मारा, कापा, कोणाला, किती, काही नाही. सूचक-अनुमोदक टाकून माझ्या वहीत सहज बसेल असं वाक्य. त्या वाक्यावर कॉन्सल ओपिमियसनं क्रीटचे तिरंदाज घेऊन हल्ला केला, गायसच्या डोक्याच्या वजनाइतकं सोनं बक्षीस लावलं (आणणाऱ्यानं आत शिसं भरून वजन वाढवलं म्हणतात), आणि प्लूटार्कच्या आकड्याप्रमाणे ३,००० माणसं मेली. विधवांना सुतक पाळायला बंदी केली. हे सगळं उरकल्यावर ओपिमियसनं फोरममध्ये, म्हणजे रोमच्या मुख्य चौकात, देऊळ बांधलं. कुठल्या देवीचं? कॉन्कॉर्डियाचं. सलोख्याची देवी. मराठीत तिला खेळीमेळीची देवी म्हणायला माझी हरकत नाही.

एका रात्री कोणीतरी त्या देवळाच्या शिलालेखाखाली एक ओळ खरडून ठेवली, वेड्या दुहीनं बांधलं सलोख्याचं देऊळ. कोणी खरडली ते रोमला कधीच कळलं नाही. त्या माणसाविषयी मला फार आपुलकी वाटते. आज तिथे चौथऱ्याचा उरलेला ढिगारा आहे, कॅपिटोलच्या पायथ्याशी. मी त्याच्या समोर उभी राहून बहिणीच्या टाचेला पट्टी लावून दिली होती. काय आहे ते माहीत नव्हतं.

पुढची सत्तर वर्षं मी भराभर पानं उलटते, कारण एकदा लोखंड आलं की गोष्ट सैन्यांची होते आणि मला सैन्यांतलं कळत नाही. सुल्ला हा सेनापती ८८ मध्ये रोमची फौज रोमवरच घेऊन आला. ८२ मध्ये त्यानं पांढऱ्या फळ्यांवर माणसांची नावं लावली, आधी ८०, दुसऱ्या दिवशी २२०, तिसऱ्या दिवशी तितकीच. यादीतल्याला मारेल त्याला बक्षीस. क्विंटस ऑरेलियस नावाचा कोणाच्या अध्यात ना मध्यात असलेला माणूस फोरममध्ये सहज यादी वाचायला आला, दुसऱ्यांसाठी हळहळायला, आणि स्वतःचंच नाव दिसलं. म्हणाला, माझ्या आल्बाच्या मळ्यानं माझा घात केला. थोडाच पुढे गेला असेल. या एवढ्या वाक्यासाठी मी सुल्लापाशी थांबते.

बाकं पुन्हा दिसतात ती ५२ मध्ये. क्लोडियस हा गल्लीतला दादा आणि खानदानी सरदार यांचं अजब मिश्रण. यानं आधी सिसेरोला हद्दपार करवून त्याचं घर पाडलं होतं आणि त्या जागेवर देऊळ उठवलं होतं, स्वातंत्र्यदेवीचं. (देवींची नावं मोठी सोयीची.) १८ जानेवारीला आपियन रस्त्यावर त्याचा वैरी मायलो याच्या टोळीशी गाठ पडली आणि क्लोडियस मारला गेला. बायकोनं, फुल्वियानं, प्रेत दारात ठेवून जखमा लोकांना दाखवल्या. दुसऱ्या दिवशी जमावानं ते सिनेटच्या सभागृहात नेलं आणि तिथेच चिता रचली. लाकूड कुठून आणलं? सभागृहातलीच बाकं, मंच, टेबलं. त्यावर कारकुनांच्या वह्या. जमावाच्या पुढे कोण होतं, तर एक कारकून. हे वाचून मी क्षणभर माझ्या वहीकडे पाहिलं. प्रेताबरोबर सभागृहही जळालं, शेजारची बॅसिलिका, म्हणजे मोठी सार्वजनिक इमारत, पेटली, आणि भिंतींतून धूर निघत असताना जमाव फोरममध्ये दिवसाचं जेवण जेवला. दीड वर्षानं कायद्याचा, संयमाचा, प्रजासत्ताकाचा सगळ्यात मोठा वकील सिसेरो एफिससहून मित्राला पत्र लिहितो तेव्हा दिवस कसा मोजतो? 'बोव्हिलीच्या लढाईनंतर ५६०वा दिवस.' बोव्हिली म्हणजे क्लोडियसला मारलं ते ठिकाण. गालातल्या गालात हसत लिहिलं असणार. सिसेरोवर मी प्रेम करते, आणि हे पत्र मला आवडत नाही.

तिसऱ्यांदा ४४ मध्ये. सीझरला मार्चच्या १५ तारखेला मारलं, २३ जखमा, त्यातली जिवावर बेतणारी एकच, असं वैद्यानं सांगितलं. अंत्ययात्रेला चिता ठरली होती गावाबाहेरच्या मैदानात. लोकांनी प्रेत फोरममध्येच पेटवलं, सुकी लाकडं आणि न्यायाधीशांची बाकं मोडून. म्हाताऱ्या शिपायांनी शस्त्रं टाकली, बायकांनी अंगावरचे दागिने. मग पेटती लाकडं घेऊन जमाव मारेकऱ्यांच्या घरांकडे धावला आणि वाटेत सिना नावाचा एक माणूस ठार केला. तो वेगळाच सिना होता, कटातला नव्हे. आज त्या जागी छपराखाली मातीचा एक उंचवटा आहे आणि त्यावर लोक फुलं ठेवून जातात. आम्ही गेलो तेव्हा सुकत आलेले गुलाब होते, दोन-चार नाणी होती. आमच्या गटातल्या एका आजींनी नमस्कार केला. कोणाला केला ते त्यांनाही माहीत नसावं. मला तो नमस्कार तेव्हा गमतीचा वाटला होता, आता वाटत नाही.

मग आला ऑगस्टस, रोमचा पहिला सम्राट, आणि सभा पुन्हा नियमानं भरायला लागल्या. याच्याइतका चांगला इतिवृत्तकार रोमला लाभला नाही. आपल्या कारकिर्दीचा गोषवारा त्यानं स्वतःच लिहून ठेवला. त्यात तो सांगतो की सगळी सत्ता हातात असताना मी प्रजासत्ताक सिनेटच्या आणि रोमन लोकांच्या स्वाधीन केलं. कॉन्सल होतेच, ट्रिब्यून होतेच, निवडणुका होत्याच. इतिहासकार टॅसिटस एका ओळीत उरकतो, पदांची नावं तीच. त्यापुढे तो विचारतो, प्रजासत्ताक डोळ्यांनी पाहिलेले असे उरले तरी किती होते? पण मला जास्त लागलं ते एक बारीक कलम. सीझरनं ५९ मध्ये कॉन्सल असताना सिनेटचं रोजचं कामकाज लिहून लोकांसाठी जाहीर करायची पद्धत सुरू केली होती. ऑगस्टसनं ते जाहीर करणं बंद केलं. लिहिणं चालू राहिलं. कोणीतरी रोज संध्याकाळी बसून लिहीत असणार, सुवाच्य अक्षरात. कसं वातावरण होतं म्हणून लिहीत असेल?

यंदाची सभा झाली गेल्या रविवारी. खुर्च्या त्याच मंडपवाल्याच्या, पण या वेळी वॉचमननं त्या रांगेत लावून प्रत्येक रांग सुतळीनं बांधली होती. "साहेबांनी सांगितलं," म्हणाला. गणपूर्ती झाली नाही, सभा अर्धा तास तहकूब झाली, अर्ध्या तासानं होती तेवढ्या माणसांत पुन्हा सुरू झाली. काका आले होते, इस्त्रीचा पांढरा शर्ट, दुसऱ्या रांगेत कडेला. विषय क्रमांक १, मागील सभेचे इतिवृत्त वाचून कायम करणे. मी वाचायला लागले. गच्चीचा विषय आला, गेला. शेवटच्या वाक्यापाशी माझा आवाज थोडा खाली आला असावा, कारण मागून कोणीतरी "मोठ्यानं" म्हणालं. मी ते वाक्य पुन्हा वाचलं, मोठ्यानं. पंखा फिरत होता. मी काकांकडे पाहिलं. वर्षभर मी ठरवत होते, ते काही म्हणाले तर दुरुस्ती करायची, पेन हातात होतं.

अध्यक्षांनी विचारलं, "इतिवृत्त कायम करायचं ना? सूचक?" पहिल्या रांगेतून नाव आलं. "अनुमोदक?"

काकांनी हात वर केला. बाही पुन्हा खांद्याकडे घसरली. मी त्यांचं नाव लिहिलं.